अक्काची साखर आणि बावड्याचं घर

मुक्काम कसबा बावडा,
होळी झाल्यावरचा बुधवार, सन १९७५
(तारीख घातलेली नाही. भिंतीवरचं कॅलेंडर गेल्या सालचं आहे, आणि त्यावरचं लक्ष्मीचं चित्र आईला आवडतं म्हणून ते उतरवायचं नाही असा हुकूम आहे.)

तीर्थस्वरूप हंबीरतात्या यांच्या पायांवर, दुखरा गुडघा तेवढा चुकवून, ज्ञानूचं डोकं.

इकडे सगळं क्षेम आहे असं पहिल्या ओळीत लिहायची रीत आहे, म्हणून ते लिहून मोकळा होतो. खरं काय ते खाली सावकाश येईल. तिकडचं कसं काय? गुडघ्याला चोळायला मी गोव्याहून माशाचं तेल पाठवलं होतं ते वापरलंत का? (वास आला असेल तर तो तेलाचाच, औषध नासलेलं नव्हतं.) काजूच्या भट्टीच्या धुरानं काकूचे डोळे चुरचुरायचे ते थांबलं का? यंदा घनसाळ भात कसा पिकला? म्हैस व्याली का, आणि व्याली असल्यास चिकाच्या वड्या कुणी खाल्ल्या? हे शेवटचं सहज विचारलं, मनाला लावून घेऊ नका.

अक्षरावरून ओळख पटली नसेल तर सांगतो, मी तुमच्या थोरल्या भावाचा, आप्पांचा, ज्ञानू. शिक्षण आठवीपर्यंत, त्यातही सातवीला दोनदा बसल्यामुळे सातवीचं मला जरा जास्तच येतं. नंतर तंबूतल्या सिनेमाबरोबर जत्रा हिंडलो, गोव्याला होड्या रंगवल्या, आणि मधे काही महिने पन्हाळ्यावर पावण्यांना गड दाखवत होतो. (तिथं माझ्या तोंडून इतिहास ऐकून एक पुण्याचे पावणे इतके खवळले की त्यांनीच मला उन्हातान्हात सगळा गड फिरवून समजावला, आणि शेवटी मीच त्यांना चहा पाजला. चांगला माणूस. पण ते राहू दे.) सांगायचं म्हणजे, दिवाळीला दोन दिवसांसाठी म्हणून घरी आलो तो अजून इथंच आहे. माझ्यासारखा माणूस एका जागी एवढे दिवस टिकला याची नोंद कुठंतरी व्हायला पाहिजे होती. कारण झालं आमची अक्का.

शालूअक्काच्या लग्नानंतर तुमचं या घरी येणं नाही. तुम्हाला मांडवात फेटा बांधायचा तो बांधला गेला नाही आणि हातात टोपी दिली गेली, तुम्ही न जेवता आजऱ्याची गाडी धरलीत, हे सगळ्या बावड्याला माहीत आहे. तुम्ही म्हणता मला कुणी थांबवलं नाही, आई म्हणते भावजींनी मागं वळून बघितलं असतं तर थांबवलं असतं. मी दोघांच्या मधे पडत नाही. (मी त्या वेळी आचाऱ्याकडे रस्सा चाखत होतो, म्हणून मला दोन्ही बाजू सारख्याच खऱ्या वाटतात.) फक्त एवढं कळवतो की तुमच्या पुतणीला दिवस गेले आहेत, दिवस भरत आले आहेत, आणि हे बाळंतपण साधं नाही.

तर दिवाळीला अक्का आली ती पाय सुजवून आली. आईनं तिची पावलं बघितली आणि सासरी परत धाडायचं नाव काढलं नाही. पहिलं बाळंतपण माहेरीच व्हायचं, ते थोडं आधी सुरू झालं एवढंच. आणि शहरात दवाखान्यात न्यायला आणायला बरोबर पुरुषमाणूस पाहिजे, आप्पा तर नाहीत, म्हणून माझी पिशवी आईनं माळ्यावर टाकली आणि शिडी शेजारी देऊन आली. अक्काचं पोट म्हणाल तर पाचव्या महिन्यात सातवा वाटावा असं. गल्लीतल्या बाया येऊन बघून जायच्या आणि जाताना जिच्या तिच्या मनासारखं सांगून जायच्या. कुणी म्हणायची मुलगाच, कुणी म्हणायची वारा धरलाय, एकीनं तर ताक बंद करा म्हणून सांगितलं, ते आम्ही त्या दिवसापुरतं केलं.

दवाखाना शहरात आहे. डॉक्टरीणबाईंचं नाव नंदिनीबाई, उंच, बारीक, आवाज मात्र तालमीतल्या वस्तादासारखा. त्यांनी अक्काला टेबलावर झोपवून पोटावर लाकडी कर्णा ठेवला, त्याच्या दुसऱ्या टोकाला आपला कान लावला आणि सगळ्यांना गप्प बसायला सांगितलं. (दारातून मी बघितलं. सिनेमाच्या तंबूत आमचा कर्णा बिघडला की आम्हीही असाच कान लावायचो, पण आम्हाला कधी काही ऐकू आलं नाही.) मग दंडाला पट्टा बांधून दाब मोजला, तो जास्त निघाला. पापण्या ओढून बघितल्या. टेपनं पोट मोजलं. आणि म्हणाल्या, मीठ बंद, लोणचं बंद, रस्सा बंद, आणि पुढच्या खेपेला लघवी तपासायला बाटलीत घेऊन या.

आता तात्या, बाटली म्हटल्यावर आमच्या घरात बाटली एकच जातीची. रंकाळ्याच्या अंगाला आप्पांचा दोस्त केरबा याचं गुऱ्हाळ आहे, तो दर सालाला पहिल्या कढईच्या आदणाची काकवी बाटल्या भरून आईला पाठवतो. माळ्याखाली फळीवर ओळीनं उभ्या असतात. त्यातली एक रिकामी होती, ती आईनं दिली, मी आडावर नेऊन बुडबुड केली, बूच लावलं, आणि सकाळी अक्कानं भरून दिल्यावर फडक्यात गुंडाळून सायकलला लावून निघालो. वाटेत दोन रेडकांची टक्कर लागली होती ती जराशी बघितली. रेडकू लहान असलं तरी डोकं मोठ्या रेड्यासारखंच चालवतं, हे तुम्ही बघितलंय का कधी? असो. बाटली वेळेत पोचली.

तिथला तपासणारा बंडू म्हणून आहे. निळं औषध काचेच्या नळीत घालायचं, त्यात थेंब टाकायचे आणि दिव्यावर तापवायचं. निळं राहिलं तर उत्तम, हिरवं झालं तर जपा, पिवळं झालं तर फार जपा. आमचं थेट विटकरी झालं. नुसतं विटकरी नाही, कोल्हापुरी रश्श्याला तवंग यावा तसं लाल. बंडूनं आतून नर्सला बोलावलं, नर्सनं दुसऱ्या नर्सला, आणि सगळ्यांनी ती नळी उजेडात धरून बघितली. मला उगाचच अभिमान वाटला. डॉक्टरीणबाई मात्र खुर्चीत बसल्या आणि म्हणाल्या, इतकी साखर लघवीत असलेली बाई चालत कशी आली?

त्या दिवसापासून अक्काचं गोड बंद. मीठ आधीच बंद. राहिलं काय? अळणी भाकरी, अळणी मेथी आणि कारलं. काकवी तर तिच्या नजरेलाही पडू द्यायची नाही, म्हणून फळीवरच्या बाटल्या संपवायची जबाबदारी आईनं माझ्यावर टाकली आणि ती मी मनापासून पार पाडली. भाकरीबरोबर काकवी, चपातीबरोबर काकवी, संध्याकाळी नुसतीच बशीत काकवी. पुढच्या तपासणीला दुसरी बाटली, कारण एकदा तसल्या कामाला गेलेली बाटली आई घरात परत घेत नाही, आणि दुसरी बाटली मी नुकतीच रिकामी केलेलीच होती. पुन्हा विटकरी. त्याच्या पुढच्या खेपेला तिसरी. बंडू म्हणाला, ह्या वेळी नळीच्या तळाला गाळ बसला राव! मी जितकी काकवी खाऊन संपवावी तितकी अक्काची साखर वाढावी, आणि अक्काची साखर वाढली म्हणून आईनं मला आणखी काकवी वाढावी, असं ते चाललं होतं. तुम्ही हुशार माणूस, तुम्हाला कळलं असेल. आम्हाला कळलं नाही. ओटभरणाला गल्लीतल्या बायांनी पाच तऱ्हेची पक्वान्नं मांडली, आणि हिरव्या साडीत, फुलांच्या धनुष्याखाली आमची अक्का कारलं खात बसली. डोळ्यांतनं पाणी, पण खात होती. म्हणाली, “ज्ञान्या, पोर कडू निघालं तर माझा दोष न्हाय.”

मग नंदिनीबाईंनी स्पष्टच सांगितलं. असं चालणार नाही. बाईला आधीपासून दवाखान्यात ठेवून घ्यावं लागेल, मोठ्या डॉक्टरांना बोलवावं लागेल, इंजेक्शनं लागतील, पोटाचा फोटो काढावा लागेल, आणि वेळ आली तर ऑपरेशन. पैशाची सोय बघून ठेवा. आमचे बाळासो दाजी (सांगलीला मोटारीच्या बॅटऱ्या चार्ज करायचं दुकान आहे, माणूस देव आहे, हात मात्र कायम काळे) तातडीनं पैसे घेऊन आले. आईनं घेतले नाहीत. मग त्यांनी द्राक्षांच्या करंडीत खाली नोटा घालून पाठवल्या. आईनं द्राक्षं ठेवून घेतली, नोटा परत पाठवल्या आणि वर एक कोंबडी दिली. पहिल्या बाळंतपणाला जावयाचा पैसा घेतला तर उद्या आप्पांना वर तोंड काय दाखवू, असं तिचं म्हणणं. दाजी मला बाजूला घेऊन म्हणाले, “मेव्हणं, अशा आणखी दोन खेपा झाल्या तर मी कोंबड्यांचं दुकान काढतो.”

आणि मग एका सकाळी भाकरी थापता थापता आई म्हणाली, “बाप न्हाय पोरीला, पर बापाचं घर हाय न्हवं? नुसतं उभं हाय त्ये. कामाला लाव की त्येला.” तात्या, मला कामाला लावता लावता जी बाई थकली ती आता घराला कामाला लावायला निघाली. शहरात एक सहकारी बँक आहे, घर तारण ठेवलं की कर्ज देते. मी अर्ज केला. (धंदा या रकान्यात काय लिहावं याचा मी बराच विचार केला. शेवटी ‘प्रवास’ लिहिलं.)

बँकेनं घर बघायला यज्ञेश्वरसाहेब म्हणून एक गृहस्थ पाठवले. आता मजा बघा. नंदिनीबाईंनी अक्काचं केलं, अगदी तेच या साहेबांनी घराचं केलं. टेप काढून मोजलं. भिंतीवर बोटांनी टकटक करून कान लावला. वय विचारलं. मागं काही त्रास झाला होता का, असं विचारलं, तेव्हा आई म्हणाली, पावसाळ्यात थोडं गळतं. वर कौलांकडे बघून त्यांनी अशी मान हलवली की मला वाटलं आता हे घराचंही मीठ बंद करणार. शेवटी म्हणाले, इमारतीला काही किंमत नाही, पण चौफेर नव्या कॉलन्या उठताहेत, जागेला चांगली किंमत आहे. आई रागावली. सासऱ्यांनी बांधलेल्या घराला किंमत नाही, आणि खालच्या मातीला आहे, हे तिला काही पटेना. तरी तिनं त्यांना पोटभर जेवू घातलं, आणि दुसऱ्यांदा रस्सा वाढून घेताना साहेब म्हणाले की इमारतसुद्धा तशी वाईट नाही.

इथपर्यंत बरं चाललं होतं. मग साहेबांनी घराचा उतारा उलगडला. त्यावर नावं दोन. एक आप्पांचं, एक तुमचं. हे दुसरे कुठं असतात, असं त्यांनी विचारलं. आईनं चुलीत लाकूड सारलं आणि म्हणाली, “आजऱ्याला.”  जाताना साहेब मला दारात सांगून गेले, त्यांची संमती आणा, मग बघू.

यानंतर अक्काला फोटो काढायला नेलं आणि त्याच खेपेला दंडातलं रक्तही घेतलं. रक्तात साखर निघाली नाही. म्हणजे तुमच्याआमच्यात असते तेवढीच. नंदिनीबाई चक्रावल्या. रक्त ठणठणीत आणि लघवीत गुऱ्हाळ, असं त्यांच्या पुस्तकात कुठं लिहिलेलं नव्हतं. त्यांनी बंडूला बाटली आणायला सांगितली, त्या दिवशीची. उजेडात धरली, तिरकी केली, बूच काढलं, आणि तात्या, एवढी शिकलेली बाई, तिनं नाक लावलं. मग आईकडे वळून विचारलं, या बाटलीत आधी काय होतं? आईचा चेहरा उजळला. “काकवी की! आमच्या केरबाच्या गुऱ्हाळाची. तुमास्नी आणू व्हय?”

नंतर जे झालं ते मी पूर्ण ऐकलं नाही, कारण नंदिनीबाईंचा आवाज चढायला लागल्यावर मी सायकलला कुलूप लावलंय का ते बघायला गेलो. लांबून एवढं कळलं की यापुढं बाटली दवाखान्यातनं न्यायची. अक्का मात्र टेबलावर पडल्या पडल्या हसत होती, पोट हलत होतं आणि नर्स ओरडत होती की बाई हसू नका, दाब वाढेल. घरी येऊन तिनं पहिली गोष्ट काय केली असेल, तर उरलेली एक बाटली माझ्या हातातनं काढून घेतली.

साखरेचं संकट असं गेलं. इथंच पत्र संपलं असतं तर बरं झालं असतं, पण फोटो धुऊन आला. त्यात दोन पोरं आहेत. तात्या, मी तो फोटो स्वतः बघितला. काळ्यावर पांढरं, दोन मुंडकी, दोन पाठीचे कणे मण्यांच्या माळेसारखे. एक नीट डोक्यावर आहे. दुसरं पायांवर उभं. आई म्हणाली पायाळू पोर नशिबाचं, त्याला जमिनीतलं पाणी दिसतं, आणि त्याची लाथ बसली की कंबरेतली चमक जाते. नंदिनीबाई म्हणाल्या, आजी, त्याच्या लाथा मागनं खा, आधी ते आणि त्याची आई सुखरूप सुटू देत. कारण दाब काही खाली येत नाही. सूज तोंडावर चढली आहे. परवा अक्काला दवाखान्याचा जिना चढताना अंधारी आली, तेव्हा नंदिनीबाई ओरडल्या नाहीत, हळू बोलल्या, आणि त्या हळू बोलल्या म्हणून मला पहिल्यांदा भीती वाटली. येत्या सोमवारी अक्काला दवाखान्यात ठेवून घेणार आहेत. ऑपरेशन होणार, असं धरूनच चालायचं.

हे असं आहे सगळं. पत्र लांबलं, क्षमा असावी. काकूला नमस्कार. म्हशीला चारा.

आपला आज्ञाधारक (यावर हसू नका)
ज्ञानू

ता. क. : एक बारीकसं राहिलं. सोबत एक कागद जोडला आहे. घर तारण ठेवायला माझी हरकत नाही, असं त्यात तुमच्या वतीनं लिहिलेलं आहे. पेन्सिलीनं फुली केली आहे तिथं सही करा. ऐपत नसताना वाघासारखी राहणारी आई तुम्हाला हे कधी म्हणणार नाही, आणि अक्का म्हणते माझ्यापायी तात्यांच्या पुढं कुणी वाकायचं नाही. म्हणून मी दोघींना न सांगता लिहितोय. मला वाकायची सवय आहे. कर्ज फेडायचं कसं, असं तुम्ही विचारणारच. तर साखर कारखान्यात उसाच्या गाड्या मोजायच्या काट्यावर मी कालपासून लागलोय. वर्षभर कुठं जाणार नाही, असं मुकादमाला लिहून दिलंय. लिहिताना एकदा दाराकडे बघितलं, पण लिहिलं.

ता. क. दुसरा : अक्षर नाचतंय त्याचं कारण, मी हे आजऱ्याच्या एस्टीत बसून लिहितोय. पत्र पोस्टात टाकायला निघालो तर आईनं उंबऱ्यात अडवलं, पत्र काढून घेतलं आणि अक्काकडून सगळं वाचून घेतलं. मला वाटलं आता चुलीत जातंय. आईनं चुलीतलं लाकूड बाहेर ओढलं. मग पदर झटकून म्हणाली, “ह्ये वाचून भावजी येडं हुतील. कशाचं काय लिवलंस रं, रेडकाची टक्कर न् म्हशीचा चारा! चल, मी बी येतो.” उत्तूर गाव मागं गेलं. आई खिडकीकडे तोंड करून बसली आहे.

ता. क. तिसरा : तुम्ही हे वाचताय तेव्हा मी तुमच्या सोप्यात समोरच बसलोय. काकूनं पुढ्यात भाकरी ठेवली आहे आणि उठू देत नाही. वर बघू नका, आधी एवढं वाचा. आई आजऱ्याच्या स्टँडावर बसली आहे. इथवर आली, पण इथनं पुढं पाऊल टाकेना. म्हणते, दिरानं बोलावलं तर येतो, न्हायतर परतीच्या गाडीनं जातो. परतीची गाडी लागायची वेळ झाली आहे. सहीचं मागनं बघा, ती कागदावर कधीही होईल. तात्या, चप्पल घाला आणि छत्री घ्या. तिथं सावली नाही.